डाव तुझ्याकडे : फिरत्या पाळीत काम करणाऱ्या एका दांपत्याचा प्रकरण अभ्यास

गोव्याच्या सत्तरी तालुक्यातील एका वाड्यावर, म्हणजे गावातील लहानशा वस्तीवर, एकत्र कुटुंबात राहणारे हे दांपत्य समुपदेशनासाठी आले, तेव्हा त्यांच्यात उघड भांडण नव्हते. पत्नीची तक्रार एवढीच होती की पतीशी बोलायला आता काही उरलेले नाही. पतीचे म्हणणे असे की बोलायला पुष्कळ आहे, पण दोघे एकाच वेळी जागे असतील तेव्हा ना! दोन्ही विधाने खरी होती आणि दोहोंच्या मुळाशी एकच वेळापत्रक होते. हे प्रकरण सविस्तर लिहिण्याचे कारण असे की या दोघांनी मेसेजवर खेळायचे साधे खेळ दोनदा वापरून पाहिले. पहिल्यांदा त्यांतून आठवडाभराचा अबोला निर्माण झाला आणि दुसऱ्यांदा तसलेच खेळ त्यांच्या दिनक्रमात रुळले. खेळांचे प्रकार बदलले, पण तो मुख्य बदल नव्हता. उत्तर कधी द्यायचे आणि द्यायचेच का, याबद्दलचा करार बदलला, हा मुख्य बदल होता. लेखन दोघांच्या संमतीने केले आहे आणि ओळख पटू नये म्हणून काही तपशील बदलले आहेत.

घर आणि घड्याळ

पती वेर्णा औद्योगिक वसाहतीतील एका औषधनिर्मिती कारखान्यात गोळ्यांवर लेप चढवणाऱ्या यंत्रावर काम करतो. त्याची पाळी आठवड्याला बदलते. घरापासून फोंड्यापर्यंत दुचाकीने आणि तेथून बोरी पुलावरून कंपनीच्या बसने, असा त्याचा रोजचा प्रवास आहे. पत्नी सावंतवाडीकडची असून लग्नानंतर गोव्यात आली आणि एका मराठी प्राथमिक शाळेत शिकवते. शाळा सकाळची असते. पहिल्या पाळीच्या आठवड्यात ती उठण्यापूर्वी तो घराबाहेर पडलेला असतो. दुसऱ्या पाळीत तो परततो तेव्हा ती झोपलेली असते. रात्रपाळीत ती शाळेतून येते तेव्हा तो पडदा ओढून झोपलेला असतो आणि थोरल्या दिरांच्या मुलांना अंगणात आवाज न करण्याची ताकीद दिलेली असते.

घरात सासू, सासरे, दीर, जाऊ आणि दोन मुले आहेत. एकत्र कुटुंबात नवरा-बायकोचे खाजगी बोलणे रात्री खोलीचे दार लावल्यावरच सुरू होते, असा आपल्याकडचा सर्वसाधारण अनुभव आहे. या दोघांच्या वाट्याला तीनपैकी दोन आठवडे ते दारही येत नव्हते. शिवाय चारचौघांत ती त्याला ‘अहो’ म्हणते आणि खोलीत ‘तू’. पुढे या गोष्टीला अनपेक्षित महत्त्व आले, म्हणून तिचा उल्लेख येथेच करून ठेवतो.

पहिल्या भेटीत मी त्यांना गेल्या महिन्यातील आपले मेसेज एकमेकांना मोठ्याने वाचून दाखवायला सांगितले. ‘पोचलो.’ ‘बरं.’ ‘सिलिंडर आला.’ ‘आईची गोळी संपली, फोंड्यात बघ.’ ‘मिळाली.’ अंगठा. ‘उद्या बंद आहे का?’ ‘नाही.’ पुन्हा अंगठा. वाचता वाचता दोघांनाही हसू आले. हे चांगले लक्षण होते, कारण ज्या जोडप्याला आपल्या मेसेजवर हसू येते, त्याचे मेसेज सुधारता येतात. या मजकुरात दोष असा काहीच नव्हता. घर चालवणाऱ्या दोन जबाबदार माणसांचा तो पत्रव्यवहार होता, आणि नेमके तेवढेच त्याचे स्वरूप उरले होते.

शंभर प्रश्न

समुपदेशनाला येण्यापूर्वी पत्नीने आपल्या परीने उपाय केला होता. जोडीदाराला विचारायच्या प्रश्नांच्या लांबलचक याद्या इंटरनेटवर मिळतात. त्यांतील शंभर प्रश्नांची एक यादी तिने मराठीत उतरवून घेतली आणि रोज काही प्रश्न पाठवण्यास सुरुवात केली. आवडता रंग, बालपणीची भीती, लॉटरी लागल्यास काय करशील, इत्यादी. पतीची उत्तरे ‘कुठलाही चालतो’, ‘तुला माहीत आहे ना’ आणि ‘लॉटरी मी घेतच नाही’ अशा प्रकारची होती. त्याला ती परीक्षा वाटत होती आणि शिक्षिकेकडून येणाऱ्या प्रश्नपत्रिकेबद्दल त्याने केलेला विनोद तिला लागला होता.

त्यानंतर एका रात्रपाळीत ‘लग्नाआधी तुला कोण आवडत होती?’ हा प्रश्न गेला. औषधनिर्मितीच्या उत्पादन विभागात शिरताना कपडे आणि पादत्राणे बदलावी लागतात आणि स्वतःचा फोन लॉकरमध्ये ठेवावा लागतो. त्यामुळे पतीला तो मेसेज जेवणाच्या सुट्टीतच दिसला. त्याने उघडला, वाचला, सुट्टी संपली म्हणून फोन लॉकरमध्ये ठेवला आणि तो यंत्रावर गेला. इकडे पत्नीला मध्यरात्री जाग आली आणि मेसेजसमोर दोन निळ्या खुणा दिसल्या. उत्तर नव्हते. सकाळी शाळेत जाईपर्यंतही ते आले नाही. दुपारी त्याने सरळपणे सांगून टाकले की कॉलेजात एक मुलगी आवडत असे, तिच्याशी कधी धड बोलणेही झाले नाही, आणि आता तिचे लग्न होऊन ती मुंबईला असते. या उत्तरात दुखावण्यासारखे काहीच नव्हते आणि पत्नी त्या मुलीमुळे दुखावलीही नव्हती. एवढे साधे उत्तर द्यायला त्याला रात्रभर विचार करावा लागला, असा तिचा समज झाला होता आणि त्यातूनच तो आठवडाभराचा अबोला आला. त्याने मात्र त्या रात्री फक्त गोळ्यांच्या लेपाचा विचार केला होता.

व्हॉट्सॲपवर एक करडी खूण म्हणजे मेसेज पाठवला गेला, दोन करड्या म्हणजे तो समोरच्या फोनवर पोहोचला आणि दोन निळ्या म्हणजे तो उघडला गेला. निळ्या खुणा नोव्हेंबर २०१४ मध्ये आल्या आणि तेव्हापासून घराघरांत त्यांच्यावरून रुसवेफुगवे चालू आहेत. ही खूण फक्त वाचल्याचे सांगते. वाचणाऱ्याचे हात त्या वेळी मोकळे होते का, त्याच्या शेजारी कोण होते, हे ती सांगत नाही. उरलेला मजकूर पाहणारा स्वतःच्या मनाने भरतो, आणि रात्री दीड वाजता मन सहसा चांगला मजकूर भरत नाही.

प्रश्नांच्या याद्यांबद्दल येथे थोडे सांगायला हवे, कारण त्यांना विज्ञानाचा आधार असल्याचे अनेकदा सांगितले जाते. अमेरिकी मानसशास्त्रज्ञ आर्थर ॲरन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९९७ मध्ये एक प्रयोग प्रसिद्ध केला. त्यात एकमेकांना अनोळखी असलेल्या व्यक्तींच्या जोड्यांना ३६ प्रश्न दिले होते. प्रश्नांचे तीन संच होते, प्रत्येक संच आधीच्यापेक्षा अधिक खाजगी होता, सर्व मिळून पाऊण तासाचा वेळ होता आणि प्रत्येक प्रश्नाचे उत्तर दोघांनीही समोरासमोर बसून द्यायचे होते. अशा जोड्यांना किरकोळ गप्पा मारणाऱ्या जोड्यांपेक्षा एकमेकांबद्दल अधिक जवळीक वाटली. म्हणजे चढती पायरी, परस्परता आणि समक्षता या तिन्ही गोष्टी त्या मांडणीत होत्या. आमच्या प्रकरणातील यादीत यांपैकी एकही नव्हती. प्रश्न एकीने विचारायचे, उत्तरे दुसऱ्याने द्यायची, हलक्या प्रश्नामागून एकदम जड प्रश्न यायचा आणि तोही लॉकरशेजारी उभे राहून वाचायचा. अशा मांडणीला खेळ म्हणण्यापेक्षा चौकशी म्हणणे अधिक योग्य ठरेल.

मुदत काढून टाकणे

यादी बंद करा, असे मी सांगितले नाही. मेसेजवरचा कोणताही खेळ त्यांनी पुन्हा सुरू करावा, पण टपालाने खेळल्या जाणाऱ्या बुद्धिबळाप्रमाणे, असे सुचवले. त्या खेळात एक चाल पोस्टकार्डावर जात असे, तिचे उत्तर कित्येक दिवसांनी येत असे, आणि एकेक डाव महिनोन्‌महिने चाले. १९५१ पासून या प्रकाराचा आंतरराष्ट्रीय महासंघही आहे. टपालाच्या बुद्धिबळातही मुदत असते, पण ती दिवसांत मोजतात, मिनिटांत नव्हे. पोस्टमन आजच का आला नाही, म्हणून कोणी प्रतिस्पर्ध्यावर रुसत नसे. पतीने शाळेत बुद्धिबळ खेळलेले असल्याने त्याला ही कल्पना लगेच पटली. पत्नीला ती प्रथम निरुत्साही वाटली. चोवीस तासांनी येणाऱ्या उत्तरात गंमत कसली, असा तिचा रास्त प्रश्न होता. तिने पंधरवडाभर करून पाहण्याचे कबूल केले.

दोघांनी मिळून जे ठरवले ते असे. डाव ज्याच्याकडे असेल त्याच्याकडे तो हवा तितका वेळ राहील आणि दुसऱ्याने आठवण करून द्यायची नाही. ज्या डावाचे उत्तर द्यायचे नसेल तेथे ‘पास’ एवढाच शब्द लिहायचा. त्याचे कारण विचारायचे नाही आणि दुपारी चहावर तो विषय काढायचाही नाही. जो प्रश्न विचारतो त्याने स्वतःचे उत्तर आधी लिहायचे. जुनी प्रेमप्रकरणे, पैसा आणि दोन्हीकडची माणसे हे विषय खेळाबाहेर ठेवायचे. गुण मोजायचे की नाही यावर बराच काथ्याकूट झाला. पतीला जिंकल्याशिवाय खेळ खेळल्यासारखा वाटत नाही आणि पत्नी दिवसभर शाळेत गुणच देत असते. शेवटी गुण मोजायचे नाहीत, पण आठवड्यात जो जास्त वेळा फसला त्याने रविवारचा चहा करायचा, अशी तडजोड झाली. सासूबाईंना मुलगा रविवारी अचानक चुलीपाशी का दिसू लागला, हे बरेच दिवस कळले नाही.

‘पास’ या शब्दाबद्दल माझे मत ठाम आहे. खेळात तो नसेल तर तो खेळ जोडीदारांनी खेळू नये. वॉशिंग्टन विद्यापीठात दांपत्यांचे दीर्घकाळ निरीक्षण करणारे जॉन गॉटमन यांनी जोडीदार एकमेकांना दिवसभर घालत असलेल्या लहानसहान सादेचा अभ्यास केला. ‘बघ, बाहेर काय पाऊस आहे’ हीसुद्धा सादच असते. नवविवाहितांच्या त्यांच्या निरीक्षणात, सहा वर्षांनंतरही एकत्र असलेल्या जोडप्यांनी अशा सादेला सुमारे ८६ टक्के वेळा प्रतिसाद दिला होता, तर विभक्त झालेल्यांनी सुमारे ३३ टक्के वेळा. हे निरीक्षण समोरासमोरच्या वागण्याचे होते, मेसेजचे नव्हते, आणि प्रतिसादामुळे संसार टिकला की टिकणाऱ्या संसारात प्रतिसाद आपोआप येतो, हेही त्यावरून सिद्ध होत नाही. तरी आमच्या कामापुरता एक धागा त्यातून घेता येतो : प्रतिसाद मोठा असण्याची गरज नसते, तो असण्याची असते. ‘पास’ लिहिणाऱ्याने साद ऐकली आहे आणि ती ऐकल्याचे कळवले आहे. ‘कुठलाही चालतो’ असे लिहिणारा शब्द जास्त वापरतो, पण खेळायला मात्र बसत नाही.

जे खेळ रुळले

सर्वांत जास्त चालला तो ‘दोन खरे, एक खोटे’ हा खेळ. दिवसातील तीन गोष्टी लिहायच्या, त्यांतली एक बनावट, आणि दुसऱ्याने ती ओळखायची. पतीचा एक डाव असा होता : ‘सोमवार असूनही कँटीनमध्ये बांगडा होता. सुपरवायझर हसला. माझ्या दोन पायांत दोन रंगांचे मोजे आहेत.’ पत्नीने बांगडा खोटा ठरवला, कारण सोमवारी शिवराक (शाकाहारी जेवण) असणार अशी तिची खात्री होती. खोटे होते ते सुपरवायझरचे हसणे. या एका डावातून तिला कँटीनचा ठेकेदार बदलल्याचे, सुपरवायझरच्या स्वभावाचे आणि अंधारात कपडे चढवून निघणाऱ्या नवऱ्याचे, असे तिन्ही समजले. पाच वर्षांत त्याने त्या सुपरवायझरचे नाव घरात काढलेले नव्हते. ‘आज काय झाले?’ या प्रश्नाला ‘काही नाही’ असे उत्तर देणारा माणूस खोटे रचायला बसला की त्याला आधी खरे आठवावे लागते. या खेळाचे सगळे सामर्थ्य एवढ्यातच आहे.

भेंड्या दोघांना लहानपणापासून येत होत्या. गाणी मेसेजवर लिहिणे कंटाळवाणे होते, म्हणून त्यांनी गोव्यातील गावांची नावे घेतली. म्हापसा, साखळी, लामगाव, वेर्णा, नार्वे, वाळपई. मराठीत ‘ण’ आणि ‘ळ’ या अक्षरांनी शब्द सुरू होत नसल्याने त्यांच्याऐवजी ‘न’ आणि ‘ल’ घ्यायचा, हे जुनेच आहे. पण वाळपईनंतर ‘ई’ घ्यायची की ‘प’, यावर दोघांनी पुष्कळ दिवस वाद घातला आणि शेवटी पत्नीने शाळेतील एका ज्येष्ठ सहकाऱ्याचा निवाडा मागवला. सावंतवाडीकडून आलेल्या सुनेला या खेळामुळे गोव्याचा नकाशा पाठ झाला, हा त्याचा दुय्यम लाभ. काणकोण आणि रिवण ही नावे पतीने हेतुपुरस्सर राखून ठेवली होती, कारण तिच्याकडची ‘न’ची गावे लवकर संपतात हे त्याने हेरले होते.

जवळून काढलेला फोटो पाठवून ‘हे काय?’ विचारण्याचा खेळही चालला. फणसाची साल म्हणून तिने जे ओळखले ते बसच्या आसनाचे फाटलेले आवरण निघाले. चिन्हांतून म्हण ओळखण्याचा खेळ मात्र लवकर संपला, कारण नाचणारी बाई आणि वाकडी रेघ दिसली की कोणालाही उत्तर येते, आणि अवघड म्हणींना चिन्हे सापडत नाहीत. ‘हे की ते’ हा प्रकार पतीला पोरकट वाटला. ‘पोळे (घावन) की पाव’ या प्रश्नात पत्नीला मात्र गंभीर मतभेद दिसला.

चिडवणे हा या सर्व खेळांचा अर्धा रस होता आणि नेमका तोच लेखी मजकुरात बिघडत होता. पतीचे ‘वा, फारच हुशार’ हे शब्द त्याच्या मनात हसत लिहिलेले असत आणि तिच्या फोनवर टोमणा म्हणून उमटत. जस्टिन क्रूगर आणि निकोलस एप्ली यांनी २००५ मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात ईमेल लिहिणाऱ्यांना वाटत होते की आपला उपरोध वाचणाऱ्याला सुमारे ७८ टक्के वेळा कळेल. प्रत्यक्षात तो ५६ टक्के वेळा कळला, म्हणजे नाणे उडवून सांगण्यापेक्षा थोडासाच बरा. तेच बोलून सांगितल्यास अपेक्षा आणि प्रत्यक्ष यांत फार अंतर राहिले नाही. त्यामुळे चिडवायचे असल्यास व्हॉइस नोट पाठवायची, असे दोघांनी ठरवले. कंपनीच्या बसमध्ये ती ऐकायला इअरफोन लागतो, आणि तो विसरलेल्या दिवशी ऐकणे राहून जाते. मुदत नसल्यामुळे तेही चालते. जूनमध्ये वाड्यावरची वीज आणि तिच्यामागोमाग नेटवर्क गेले की मेसेज रात्रभर एकाच खुणेवर थांबतो. पूर्वी त्यावरूनही शंका येई, आता डाव उद्यावर गेला एवढेच म्हटले जाते.

चुकीचा ग्रुप

सिलिंडर आणि गोळ्यांच्या मेसेजांत खेळ हरवू नये म्हणून दोघांनी दोनच सदस्यांचा एक वेगळा ग्रुप केला होता. ही कल्पना चांगली होती, परंतु त्यांनी त्याला माटोळीचे, म्हणजे गणपतीवर टांगतात त्या फळाफुलांच्या सजावटीचे, चित्र लावले, आणि घरच्या मोठ्या ग्रुपचेही चित्र माटोळीचेच होते. चवथीनंतर थोड्याच दिवसांत पत्नीचा एक डाव घरच्या ग्रुपवर गेला : ‘दोन खरे, एक खोटे. मला आज तुझी आठवण आली नाही. तुझा निळा शर्ट मी उशीखाली ठेवला आहे. तू घोरतोस ते मला आवडते.’

तिच्या लक्षात येईपर्यंत तो अनेकांनी वाचला होता. सर्वांसाठी तो काढून टाकण्याची सोय तिने वापरली. पण त्या जागी मेसेज हटवल्याची नोंद राहते, त्यामुळे ज्यांनी वाचला नव्हता त्यांचेही कुतूहल जागे झाले. पुण्याच्या काकांनी, ते प्रत्येक मेसेजला पाठवतात तसे, जोडलेले हात पाठवले. जावेने रात्री भांडी घासताना फक्त ‘कुठले खोटे?’ एवढेच विचारले. सासूबाई दोन दिवस गप्प होत्या. शर्ट किंवा घोरणे यांचा त्यांना काहीच त्रास झालेला नव्हता; सून नवऱ्याला ‘तू’ म्हणते, हे त्यांना खटकले होते. पतीने आईशी बोलून हा विषय संपवला, आणि खेळापेक्षाही या गोष्टीचा पत्नीवर अधिक परिणाम झाला, असे तिने पुढच्या भेटीत सांगितले. तिच्या बाजूने तो स्वतःहून बोलला, हे तिच्या दृष्टीने नवीन होते.

चॅट लॉक करून वेगळ्या कप्प्यात ठेवण्याची सोय व्हॉट्सॲपने मे २०२३ मध्ये दिली आहे. ती वापरावी, असे पतीने सुचवले. पत्नीने नकार दिला आणि तिचे कारण मला विचार करण्याजोगे वाटले. त्या घरात फोन कोणाच्याही हातात जातो. पुतण्या त्यावर कार्टून पाहतो, सासरे त्यावर भजन लावतात. अशा घरात एखादे चॅट कुलूपबंद दिसले तर ते लपवण्याजोगे आहे, असा गाजावाजा होतो. त्यांनी ग्रुपचे चित्र बदलून तेथे भडक पिवळा रंग लावला, आणि फोन लॉक असताना पडद्यावर मजकूर दिसणार नाही अशी व्यवस्था केली. प्रत्येक घरासाठी हाच निर्णय बरोबर ठरेल असे नाही.

याच सुमारास पतीने ‘सत्य की धाडस’ सुचवले आणि धाडस म्हणून तिच्याकडे एक खाजगी फोटो मागितला. तिने ‘पास’ लिहिले. त्याने कारण विचारले नाही. मी मात्र पुढच्या भेटीत दोघांशी या विषयावर सविस्तर बोललो. एकदाच पाहता येणारा फोटो पाठवण्याची सोय २०२१ पासून आहे, पण दुसऱ्या फोनने त्या पडद्याचा फोटो काढता येतो. फोन दुरुस्तीला जातो, हरवतो, मुलांच्या हातात पडतो. व्यक्तीच्या खाजगी अवयवांचे चित्र संमतीशिवाय टिपणे, प्रसिद्ध करणे किंवा पाठवणे यासाठी माहिती तंत्रज्ञान कायद्याच्या कलम ६६ई अन्वये तीन वर्षांपर्यंत कैद किंवा दोन लाख रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही होऊ शकतात. पण शिक्षा झाली तरी एकदा पसरलेले चित्र परत येत नाही. पतीचा हेतू वाईट नव्हता. धाडसाचा खेळ त्यांनी पुढे फक्त निरुपद्रवी आव्हानांपुरता ठेवला, उदाहरणार्थ, पुढच्या जेवणात काकांच्या पद्धतीने जोडलेले हात करून आमटी मागणे.

पोदेराची गोष्ट

एकेक वाक्य जोडत गोष्ट लिहिण्याचा खेळ त्यांनी सर्वांत शेवटी सुरू केला आणि या प्रकरणातील सर्वांत महत्त्वाचा प्रसंग त्यातच घडला. गोष्ट एका पोदेराची, म्हणजे दारोदार पाव विकणाऱ्याची, होती. त्याच्या सायकलीचा भोंपू एका पहाटे नाहीसा झाला, आणि आवाज नसल्यामुळे पाव घ्यायला कोणी घराबाहेर येईना, अशी पत्नीने सुरुवात केली. पुढची वाक्ये हलकीफुलकी होती : भोंपू माकडाने नेला, माकड पंचायतीच्या बैठकीत तो वाजवू लागले, सरपंचांना वाटले बैठक संपली.

मग रात्रपाळीच्या आठवड्यात पतीचे वाक्य आले : ‘पोदेराला भोंपू मिळाला, पण घरी येऊन झोपला की त्याला वाटे, आपण या घरात फक्त झोपायला येतो.’ पत्नीने हे वाक्य शाळेत मधल्या सुट्टीत वाचले. तिने लगेच फोन केला नाही आणि ‘तुला असे वाटते का?’ असेही विचारले नाही. दोन दिवसांनी तिने लिहिले : ‘पोदेराच्या बायकोने दार थोडे उघडे ठेवायला सुरुवात केली, म्हणजे मुलांचा आवाज त्याच्या झोपेत जाईल आणि त्याला कळेल की घर चालू आहे.’ त्या आठवड्यात खोलीचा पडदा अर्धा उघडा राहू लागला. मुलांना दिलेली ताकीदही सैल झाली. पतीची झोप मोडत असे, पण त्याने तक्रार केली नाही.

समोरासमोर विचारले असते तर ‘काही नाही’ असेच उत्तर मिळाले असते, याबद्दल दोघांचे एकमत होते. पात्राच्या तोंडून बोललेले वाक्य मागे घेता येते, हा या खेळाचा आधार आहे. ती तर गोष्ट आहे, असे म्हणायची वाट दोघांनाही मोकळी राहते. म्हणूनच ऐकणाऱ्याने त्या वाक्यावर झडप घालू नये. पत्नीने दोन दिवस थांबून गोष्टीतच उत्तर दिले, हे तिचे शहाणपण होते. समुपदेशनात ते शिकवलेले नव्हते.

जे खेळाने सुटले नाही

पतीचा पगार एकत्र घरखर्चात जातो आणि पत्नीच्या पगारातून दोघांनी फोंड्यात लहानसा फ्लॅट घेण्याचा विचार केला आहे. फ्लॅट फोंड्यात झाला तर बसचा थांबा जवळ येईल आणि रोजचा बराच प्रवास वाचेल. मात्र वाड्यावरचे घर सोडणे म्हणजे आईवडिलांना सोडणे, असे पतीला वाटते. पैसा आणि दोन्हीकडची माणसे हे विषय खेळाबाहेर ठेवले होते; तरी एका शनिवारी पत्नीने ‘हे की ते’ मध्ये ‘वाडा की फोंडा?’ असे पाठवले. पतीने ‘पास’ लिहिले. तिने कारण विचारले नाही, पण तिला ते लागले, कारण या वेळी तिला उत्तर हवे होते. खेळातील ‘पास’ फुकट असतो तो डाव लहान असेपर्यंतच. वीस वर्षांच्या कर्जाचा प्रश्न ‘हे की ते’ मध्ये घातल्यावर नकार देण्याचा हक्कही दुखावणारा ठरतो.

हा विषय सध्या आमच्या भेटींत चालू आहे. त्यासाठी दोघांनी कर्जाच्या हप्त्यांचा हिशेब कागदावर मांडून आणला आहे, आणि पुढच्या भेटीला सासऱ्यांनाही बोलावण्याचा पतीचा विचार आहे. पत्नी अजून त्याला तयार नाही. पिवळ्या ग्रुपवर त्यांच्या भेंड्या चालू असून सध्याचा डाव रिवणवर अडलेला आहे.